आलापल्लीच्या पाणवठ्यांवरचे चतुर: नाव ठरवण्याआधी काय पाहावं?

रोवणा आटोपला की आलापल्ली-अहेरीकडच्या बांध्यांवर, बोड्यांवर आणि मामा तलावांवर चतुरांची गर्दी सुरू होते. त्याच सुमारास निसर्गप्रेमींच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर दरवर्षी तोच प्रश्न येतो: ‘हा लाल चतुर कोणता?’ सोबतचा फोटो वरून काढलेला, थोडा हललेला, मागे चकाकणारं पाणी. उत्तरं तीन-चार येतात आणि ती सगळी वेगवेगळी असतात. विचारणारा गोंधळतो आणि बहुधा पहिलं आलेलं नाव लिहून मोकळा होतो.

यात विचारणाऱ्याचा दोष फारसा नाही. चंद्रपूर-गडचिरोलीच्या पाणवठ्यांवर नर लाल असलेल्या निदान पाच जाती सहज भेटतात. त्यांच्या माद्या मात्र पिवळट-तपकिरी असतात आणि कोवळे नर माद्यांसारखेच दिसतात. उलट, काही जातींचे नर वयाबरोबर पिवळ्याचे निळे होतात. अशा वेळी नुसत्या रंगावरून नाव ठरवणं म्हणजे चुकीला आमंत्रण. किडा कुठल्या पाण्यावर आहे, कसा बसला आहे, त्याचे पंख, पाय आणि कंबर कशी आहे, हे आधी पाहायचं आणि रंगाकडे सर्वांत शेवटी यायचं. एवढा क्रम पाळलात तर निम्मे प्रश्न जागच्या जागी सुटतील.

बहुतेक जातींना सर्वमान्य मराठी नावं अजून मिळालेली नाहीत. त्यामुळे पुस्तकांत आणि अ‍ॅपमध्ये शोधता यावं म्हणून इथे इंग्रजी नावंच देवनागरीत दिली आहेत.

पहिली पायरी: चतुर की टाचणी?

दोघे एकाच गणातले असले तरी बांधा वेगळा. बसलेला किडा दिसला की या गोष्टी पाहा:

- पंख: चतुर बसताना पंख आडवे पसरून ठेवतो. टाचणी ते पाठीवर मिटून घेते.
- डोळे: बहुतेक चतुरांचे डोळे डोक्यावर एकमेकांना चिकटलेले असतात. टाचणीचे डोळे दोन बाजूंना, स्पष्ट अंतरावर असतात.
- मागचा पंख: चतुराचा मागचा पंख बुडाशी रुंद असतो. टाचणीचे चारही पंख जवळपास सारखे आणि बुडाशी निमुळते असतात.
- उडणं: चतुर जोरात आणि उंच उडतो. टाचणी गवताच्या उंचीवर, थांबत थांबत जाते.

अपवाद दोन, आणि दोन्ही या भागात भेटतात. लेस्टिस गटातल्या टाचण्या पंख अर्धवट उघडे ठेवून काडीला लटकतात, म्हणून नवखे त्यांना चतुर समजतात. अशा वेळी डोळे पाहा. दुसरीकडे, क्लबटेल गटातल्या चतुरांचे डोळे वेगवेगळे असतात, पण त्यांची दणकट अंगकाठी पाहिल्यावर शंका उरत नाही.

तिसरी फसवणूक रात्री दिव्याखाली होते. मऊ, लांबट, जाळीदार पंखांचा, दुबळं उडणारा एखादा किडा भिंतीवर येऊन बसतो आणि त्याचा फोटो ‘रात्रीचा चतुर’ म्हणून फिरतो. त्याच्या डोक्यावर लांब आणि टोकाला जाड झालेल्या मिशा असतील, तर तो चतुर नाही. मुंग्या धरण्यासाठी कोरड्या मातीत नरसाळ्यासारखे खड्डे करणाऱ्या किड्याचं ते प्रौढ रूप आहे. चतुराच्या मिशा इतक्या बारीक असतात की त्या मुद्दाम शोधाव्या लागतात.

दुसरी पायरी: किड्याआधी पाणी पाहा

चतुराची मादी अंडी घालते ती पाण्यात किंवा पाण्याकाठी आणि अळी वाढते ती पाण्यातच. कुणाला साठलेलं पाणी लागतं, कुणाला वाहतं, कुणाला सावली, तर कुणाला चिखल. म्हणून तुम्ही कुठल्या पाण्याकाठी उभे आहात हे कळलं की यादी आपोआप लहान होते.

धानाची बांधी हे सर्वांत सोपं ठिकाण. जुलै ते ऑक्टोबर बांध्यांत पाणी असतं आणि तिथे पाइड पॅडी स्किमर हमखास दिसतो. त्याच्या नराचे पंख बुडापासून अर्ध्यापर्यंत काळे, पुढे एक दुधाळ पांढरा पट्टा आणि टोकं पारदर्शक. तो पाहून दुसऱ्या कुठल्या जातीची शंका येत नाही. मादी पिवळसर असून तिच्या पंखांवरची नक्षी अगदी निराळी, त्यामुळे तिला अनेकजण वेगळी जात समजतात. धुऱ्यावरच्या गवतात हिरवट-पिवळ्या अंगाचा, काळ्या पट्ट्यांचा आणि मधेच कंबर आवळल्यासारखा दिसणारा ग्रीन मार्श हॉक बसलेला असतो. तो इतर चतुर आणि टाचण्या धरून खातो. त्याच्या तोंडात दुसरा चतुर दिसला तर फोटो नक्की घ्या, कारण काय खाल्लं याच्या नोंदी मोलाच्या असतात.

मामा तलाव, म्हणजे माजी मालगुजारी तलाव, आणि शेतातल्या बोड्या यांची गंमत काठावरच्या वनस्पतींत आहे. पाणकणीस, देवधान, कमळ, शिंगाडा असा काठ असेल तर एकाच फेरीत डझनभर जाती सहज मिळतात. कॉमन पिक्चरविंगचे पंख पिवळे-काळे असतात आणि तो इतका सावकाश तरंगतो की लांबून फुलपाखरू वाटतो. ट्रम्पेट टेल लहानखुरा, निळ्या-काळ्या नक्षीचा. त्याचं पोट बुडाशी फुगीर आणि पुढे एकदम बारीक. पाण्यात उभ्या असलेल्या वाळक्या काडीच्या अगदी टोकावर मोठा काळा-पिवळा चतुर पाण्याकडे तोंड करून बसला असेल, तर तो बहुधा कॉमन क्लबटेल. पोटाच्या टोकाशी दोन्ही बाजूंना पाकळ्यांसारखे पापुद्रे आणि सुटे डोळे ही त्याची खूण. तो उडाला तरी जागचे हलू नका. तो थोड्या वेळाने त्याच काडीवर परत येतो. तोवर कॅमेरा त्या टोकावर नेमून ठेवा.

काठ बेशरमाने वेढलेला असेल किंवा गावाचं सांडपाणी तलावात मिसळत असेल, तर जाती घटतात आणि डिच ज्वेल मात्र वाढतो. चंद्रपूर शहरातल्या रामाळा तलावासारख्या पाण्यावर याच जातीचे थवे दिसले तर नवल वाटून घेऊ नका. नुसत्या त्याच्या असण्यावरून पाणी खराब ठरत नाही, कारण तो चांगल्या पाण्यावरही असतो. पण एखाद्या तलावावर तो आणि फक्त तोच दिसू लागला, तर ती गोष्ट नोंदवण्यासारखी आहे.

जंगलातल्या नाल्यांवर पात्रं बदलतात. सावलीतल्या, संथ वाहत्या पाण्याकाठी यलो बुश डार्ट ही टाचणी असते. तिच्या नराचे पाय ठळक पिवळे आणि कोवळेपणी अंग दुधासारखं पांढरं. उन्हातल्या खडकावर काळसर निळा ब्लॅक स्ट्रीम ग्लायडर बसतो. इंद्रावती, पामुलगौतम, पर्लकोटा या नद्यांचा भामरागडला होणारा संगम किंवा अहेरीजवळची प्राणहिता, अशा मोठ्या पात्रांतल्या वाळूवर आणि दगडांवर हूकटेल शोधा. वाळूच्याच रंगाचा असल्यामुळे तो उडेपर्यंत दिसत नाही.

घराजवळही शोधा. सिमेंटच्या टाकीत वाढणारा ग्रॅनाइट घोस्ट भिंतीला अंग चिकटवून बसतो. करड्या-काळ्या ठिपक्यांमुळे तो भिंतीत मिसळून जातो. पाण्यापासून दूर, अंगणात किंवा पायवाटेवर, जमिनीलगत बसणारा लहान चतुर बहुधा ग्राउंड स्किमर असतो.

आणि पावसाच्या तोंडावर मोकळ्या मैदानावर, न बसता तासन्‌तास घिरट्या घालणारे सोनेरी-पिवळे थवे? ते वाँडरिंग ग्लायडर. पावसाच्या डबक्यात त्यांची अळी साधारण दीड महिन्यात वाढून उडायला तयार होते. मालदीवमध्ये राहणारे सागरी जीवशास्त्रज्ञ चार्ल्स अँडरसन यांनी २००९ मध्ये मांडलं, की हे चतुर भारतातून हिंदी महासागर ओलांडून पूर्व आफ्रिकेत पोचतात आणि त्यांच्या पुढच्या पिढ्या परत येतात. आलापल्लीच्या शाळेच्या मैदानावर दिसणारा थवा या मोठ्या ये-जा करणाऱ्यांपैकीच एका जातीचा असतो.

तिसरी पायरी: लालांचा घोळ सोडवा

सर्वाधिक चुका इथेच होतात, म्हणून इथे थोडं थांबू. लाल नर दिसला की त्याच्याकडे या क्रमाने पाहा: आधी पंख, मग पाय, मग पोटाची वरची बाजू.

*पंखांवर नारिंगी रंग किती दूर पसरलाय?* बुडापासून निघून पंखाच्या टोकाजवळच्या रंगीत ठिपक्याच्या जवळपर्यंत पोचला असेल, तर तो डिच ज्वेल. हा आकाराने लहान, काठालगत खाली बसणारा आणि बहुधा अनेकांच्या सोबतीने असतो. त्याच्या मादीचे पंख स्वच्छ आणि अंग फिकं पिवळट-तपकिरी असतं.

रंग फक्त बुडाशी असेल, तर पुढे जा.

*पाय काळे की लालसर?* अंग गुलाबी-जांभळट छटेचं, पंखांच्या शिराही लाल आणि पाय काळे, तर तो क्रिमझन मार्श ग्लायडर. उन्हात तो पाहिल्यावर शेंदरी नव्हे, तर जांभळाकडे झुकणारा लाल हे स्पष्ट कळतं. अंग, तोंड आणि पाय सगळंच तांबडं, पंखांच्या बुडाशी छोटा पिवळट डाग आणि पोटाच्या वरच्या बाजूला मधोमध एक बारीक काळी रेघ असेल, तर तो रडी मार्श स्किमर. यालाच काही पुस्तकांत स्कार्लेट स्किमर म्हटलं आहे. नावं दोन असली तरी जात एकच, हे लक्षात ठेवा, कारण या दोन नावांवरूनही गटांवर वाद होतात. ती काळी रेघ बाजूने काढलेल्या फोटोत दिसत नाही. त्यासाठी वरून एक फोटो हवाच.

*पोटाच्या शेवटी काळे डाग आहेत?* लाल पोटाच्या शेवटच्या खंडांवर वरून ठळक काळे डाग आणि मागच्या पंखाच्या बुडाशी गडद डाग असेल, तर ग्रेटर क्रिमझन ग्लायडरचा विचार करा. तो काडीच्या टोकावर बसायला आवडणारा, तलावाचा चतुर आहे.

*छाती आणि पोट दोन वेगळ्या रंगांचे आहेत?* छाती काळपट-जांभळी आणि पोट तेवढं लाल असेल, तर क्रिमझन-टेल्ड मार्श हॉक. हा वरच्यांपेक्षा अंगाने भारी आणि ओढ्या-नाल्यांच्या दगडांवर अधिक दिसतो.

एवढं करूनही एखादा नर बसला नाही, तर ‘लाल चतुर, जात अनिश्चित’ एवढंच लिहा. भर दुपारच्या उन्हात यांतले अनेकजण पोट उभं आभाळाकडे करून बसतात. अंगावर ऊन कमी पडावं म्हणून घेतलेली ती बैठक आहे आणि ती अनेक जाती घेतात, म्हणून तिच्यावरून नाव ठरवू नका.

निळ्यांचा एक धोका

चतुरांच्या अंगावरचा फिकट निळा रंग पुष्कळदा पावडरीसारखा असतो. नर जून होत जातो तशी ती पावडर छातीवर, पोटावर चढत जाते. मधल्या वयाचा नर अर्धा पिवळा आणि अर्धा निळा दिसतो, आणि त्याला ‘नवी जात’ म्हणण्याचा मोह होतो. ग्राउंड स्किमर हे याचं रोजचं उदाहरण. कोवळा नर आणि मादी हिरवट-पिवळी, काळ्या नक्षीची. जून नर पूर्ण निळसर. मात्र पोटाच्या टोकाची बारीक उपांगं फिकट पांढुरकी असतात, आणि ती खूण जून नरातही टिकते. म्हणून निळा चतुर दिसला की शेपटीच्या टोकाचा फोटो जवळून घ्या. निळ्या मार्श हॉकच्या जाती मात्र फोटोवरून वेगळ्या करणं अवघड आहे. तिथे कुळापर्यंत थांबणं हाच शहाणपणा.

टाचण्या: शेवटचे खंड मोजा

ज्याला सगळे शेपटी म्हणतात ते खरं पोट. त्याचे दहा खंड असतात. टाचण्यांमध्ये कितव्या खंडावर कुठला रंग आहे, यावरच सगळं ठरतं, आणि मोजणी मागून पुढे करायची. शेवटचा खंड दहावा, त्याच्या आधीचा नववा, असं.

- पोट सलग पिवळं, कुठेही काळं-निळं नाही, छाती हिरवट: कोरोमंडल मार्श डार्टचा नर. बांधी, बोडी, डबकं, सगळीकडे हाच.
- पोट पिवळं पण टोकाजवळ निळा रंग: गोल्डन डार्टलेट.
- पोटाची वरची बाजू काळी आणि आठव्या खंडावर निळं कडं: सेनेगल गोल्डन डार्टलेट.
- जेमतेम दोन सेंटिमीटरची, टोकाला विटकरी रंग: पिग्मी डार्टलेट. धानाच्या पानांआड ती नजरेतून सुटते. गुडघ्यावर बसून पाहा.
- तोंड नारिंगी: सॅफ्रन-फेस्ड ब्लू डार्ट.

टाचण्यांच्या माद्या त्रास देतात. एकाच जातीत काही माद्या नरासारख्या, काही वेगळ्या रंगाच्या, आणि कोवळ्या माद्या तर लाल-नारिंगीही असतात. यावर एकच भरवशाचा उपाय आहे: जोडी शोधा. नर आपल्या पोटाच्या टोकाने मादीला मानेशी धरून ठेवतो आणि कधी दोघांचं मिळून चाक तयार होतं. नराची ओळख पटली की मादीची बहुधा पटते. नर की मादी हे ठरवायलाही पोटच पाहा. नराच्या पोटाखाली, छातीपासून दुसऱ्या-तिसऱ्या खंडाशी, एक उंचवटा असतो. मादीला तो नसतो.

आणखी एक. पंख चकचकीत, अंग फिकट आणि उडणं डळमळीत असेल, तर किडा नुकताच अळीच्या कातेतून बाहेर आला आहे. पहाटे पाणकणसाच्या देठांवर नीट पाहा. पाण्यातून वर चढलेली अळी देठाला घट्ट धरून बसलेली असते, तिची पाठ उभी फुटते, आतून मऊ चतुर बाहेर येतो आणि पंख ताणेपर्यंत तिथेच लटकतो. तो उडून गेल्यावर कोरडी कात देठावर राहते. अशा कोवळ्याला हात लावू नका, पंख कायमचे वाकडे होतात. त्याच्या रंगावरून नावही ठरवू नका.

फोटो असा घ्या की नाव सांगणाऱ्याला काम करता येईल

महागड्या कॅमेऱ्याची गरज नाही. सकाळी नऊ ते बारा ही वेळ चांगली, कारण तेव्हा ऊन असतं आणि किडे बसतात. सावकाश जा, तुमची सावली त्याच्यावर पडू देऊ नका, आणि पहिला फोटो लांबूनच घेऊन ठेवा. उडाला तरी काहीतरी हाती राहतं. मग:

- एक फोटो वरून, पंख आणि पोटासह;
- एक बाजूने, छातीवरच्या रेघांसाठी;
- एक समोरून, तोंड आणि डोळ्यांसाठी;
- एक शेपटीच्या टोकाचा, शक्य तितक्या जवळून;
- आणि एक पाण्याचा, म्हणजे जागा कळेल.

तारीख, वेळ, गाव, पाण्याचा प्रकार आणि ऊन होतं की सावली, एवढं वहीत टिपा. मोबाईलचं लोकेशन चालू असलेलं बरं. संध्याकाळी सूर्य मावळताना तलावावर एक फेरी ठेवा. त्या वेळी कोरल-टेल्ड क्लाउडविंग बाहेर पडतो. त्याच्या नराच्या मागच्या पंखावरचा पांढरा डाग अंधुक उजेडातही चमकतो, आणि दिवसभर तो झुडपांत लपलेला असल्याने इतर वेळी भेटत नाही.

चतुर डंख मारत नाही. शेपटीचं टोक टोचत नाही. मुलांना एवढं पटलं की त्याच्या शेपटीला दोरा बांधून उडवण्याचा खेळही थांबवता येतो. दोरा बांधलेला चतुर फार काळ जगत नाही, हे त्यांना सांगा.

नाव कुठे पडताळाल?

विदर्भातल्या वाचकांचं नशीब चांगलं आहे. २००८ मध्ये नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात चतुरांच्या अभ्यासकांची अठरावी आंतरराष्ट्रीय परिषद झाली. त्या निमित्ताने आर. जे. अँड्र्यू, के. ए. सुब्रमण्यन आणि आशिष टिपले यांचं मध्य भारतातल्या सर्वसामान्य चतुरांवरचं ई-पुस्तक निघालं. सुरुवात त्याच्यापासून करा, कारण त्यात तुमच्याच भागातल्या जाती आहेत. सुब्रमण्यन यांची द्वीपकल्पीय भारतावरची आणि पुढे संपूर्ण भारतावरची मार्गदर्शिकाही उपयोगी आहे. एफ. सी. फ्रेझर यांचे १९३३ ते १९३६ या काळातले तीन खंड आजही आधारभूत मानले जातात, पण ते अभ्यासकांसाठी आहेत. पहिल्याच वर्षी त्यांच्या वाटेला जाऊ नका.

‘ओडोनाटा ऑफ इंडिया’ या संकेतस्थळावर जातींची तपासलेली छायाचित्रं मिळतात. आयनॅचरलिस्टवर फोटो टाकला की यंत्र लगेच नाव सुचवतं, आणि इथेच बरेचजण फसतात. ती फक्त सूचना असते. सुचवलेली जात मध्य भारतात नोंदली गेली आहे का, हे नकाशावर पाहा. नकाशातले ठिपके फक्त पश्चिम घाटात किंवा ईशान्येत असतील, तर ‘हो’ म्हणण्याआधी दोनदा विचार करा. भारतात चतुर आणि टाचण्यांच्या जवळपास ५०० जाती आहेत आणि त्यांतल्या कितीतरी एकमेकींसारख्या दिसतात.

तुमच्या फोटोचा स्वामित्वहक्क तुमचाच राहतो. फोटो टाकताना कोणत्या अटींवर इतरांना वापरू द्यायचा हे सेटिंगमध्ये ठरवता येतं. ते एकदा वाचून घ्या.

जंगलात जाण्याआधी: परवानगी आणि तुमचे हक्क

वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ मधल्या ‘प्राणी’ या व्याख्येत अपृष्ठवंशीय जीवही येतात. त्यामुळे चपराळा, भामरागड ही अभयारण्यं किंवा ताडोबा-अंधारी व्याघ्र प्रकल्प यांच्या हद्दीत परवान्याशिवाय जाळी लावून चतुर धरणं, अळ्या किंवा काता उचलणं हा गुन्हा ठरू शकतो. पाहणं आणि फोटो काढणं पुरेसं आहे. ताडोबाच्या सफारीत गाडीतून उतरता येत नाही, म्हणून चतुरांसाठी तिथे जाणं फारसं फळत नाही. त्यापेक्षा जुनोना किंवा घोडाझरीसारखा एखादा तलाव धरा, तोही तिथल्या वनविभागाचे नियम विचारून.

‘ग्लोरी ऑफ आलापल्ली’ हा जुन्या सागवानी जंगलाचा जपलेला तुकडा २०१४ मध्ये राज्यातलं पहिलं जैवविविधता वारसास्थळ म्हणून घोषित झाला. तिथे किंवा इतर राखीव जंगलात जाण्याआधी आलापल्लीच्या वन कार्यालयात विचारा. गावातला माहितगार माणूस सोबत घ्या. वाघ, अस्वल आणि २०२१ पासून जिल्ह्यात आलेले रानहत्ती यांच्या वावराची ताजी खबर त्याच्याकडे असते. भामरागड-एटापल्लीकडे जाताना कुठे जाताय हे पोलीस ठाण्यात सांगून ठेवा. गडचिरोली हिवतापासाठी संवेदनशील जिल्हा आहे. संध्याकाळच्या फेरीला पूर्ण बाह्यांचे कपडे घाला. तलाव मच्छीमार संस्थेकडे असेल तर जाळी टाकण्याच्या वेळी मधे जाऊ नका. आधी ढिवर बांधवांशी बोला. पाण्याचं त्यांना जे कळतं ते पुस्तकात नाही.

तुम्ही याच भागातले रहिवासी असाल, तर तुमचे हक्क पाहुण्यांपेक्षा मोठे आहेत:

- जैवविविधता अधिनियम २००२ नुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि ती लोक जैवविविधता नोंदवही ठेवते. तुमच्या तलावावरच्या चतुरांच्या नोंदी फोटोसह त्यात घालायला सांगा.
- वनहक्क अधिनियम २००६ ने ग्रामसभेला आपल्या हद्दीतली जैवविविधता आणि पाण्याचे स्रोत जपण्याचा अधिकार दिला आहे. देशात सामूहिक वनहक्क सर्वांत आधी मिळालेल्या गावांत धानोरा तालुक्यातलं मेंढा (लेखा) आहे, आणि ते याच जिल्ह्यात.
- अहेरी, एटापल्ली, भामरागड यांसारख्या अनुसूचित क्षेत्रांत लहान जलसाठ्यांच्या नियोजनात पेसा कायद्यामुळे स्थानिक संस्थांना स्थान आहे. बोडी बुजवली जात असेल किंवा तलावात सांडपाणी सोडलं जात असेल, तर ग्रामसभेत लेखी विषय मांडा. दोन-तीन हंगामांच्या तारखांसह नोंदी जोडल्यात तर ‘आधी इथे काय होतं’ हे सिद्ध करायला मदत होते.

नोंद पाठवताना

एकच तलाव निवडा आणि त्यावर जूनपासून फेब्रुवारीपर्यंत पुन्हा पुन्हा जा. दहा ठिकाणी एकेकदा जाण्यापेक्षा याचा उपयोग जास्त, कारण कुठली जात कधी येते आणि कधी नाहीशी होते हे त्यातूनच कळतं. लेस्टिस टाचण्या कोरड्या दिवसांत पाणी सोडून जंगलात कुठे थांबतात, नाला आटल्यावर बुश डार्ट कुठवर टिकते, असल्या प्रश्नांची उत्तरं रोज त्या वाटेने जाणाऱ्यालाच मिळू शकतात.

पश्चिम घाटाच्या मानाने दक्षिण गडचिरोलीतल्या चतुरांच्या नोंदी थोड्याच आहेत. म्हणून तुमची प्रत्येक नोंद मोजली जाणार आणि चुकीची नोंदही तितकीच लांब जाणार. जातीची खात्री नसेल, तर तो रकाना रिकामा ठेवा आणि कुळाचं नाव लिहा. तारीख, गाव, पाण्याचा प्रकार आणि चार बाजूंचे फोटो असतील, तर जात पुढे कुणीतरी जाणकार भरून देईल. या हंगामात तुमच्या गावच्या बोडीपासून सुरुवात करा.